राक्षस मारणाऱ्या बाई

मंदाकिनीबाईंना दुपारी एक ते तीन झोपायचं होतं. सत्त्याण्णव सालच्या त्या एप्रिलात आयुष्याकडून त्यांची एवढीच मागणी होती, आणि तीही कुणी पुरी होऊ देत नव्हतं.

शेळगावच्या शाळेत त्यांना नऊ वर्षं झाली होती. आठवडाभर इथे एका खोलीत, वातीच्या स्टोव्हच्या सोबतीनं राहायचं. शनिवारी शाळा सुटली की एसटीनं बारामतीला, नवऱ्याकडे आणि सासूबाईंकडे जायचं. सोमवारी पहाटेच्या गाडीनं परत यायचं. मुलगी पुण्याला वसतिगृहात शिकत होती. नऊ वर्षं बाई बदलीचा अर्ज करत होत्या आणि येत्या जूनच्या यादीत बारामतीसाठी त्यांचं नाव एकदाचं लागलं होतं. पंचायत समितीतल्या कारकुनानं बजावलं होतं, "बाई, आता जूनपर्यंत फक्त गप बसा. तक्रार-बिक्रार काही येऊ देऊ नका." गप बसणं बाईंना अवघड नव्हतं. त्यांची तर आडवं पडायची तयारी होती.

सकाळची शाळा सुरू झालेली. साडेअकराला घरी येऊन, दोन भाकऱ्या थापून, खाऊन बाई एक वाजता चटईवर पाठ टेकायच्या. नेमके त्याच वेळी भिंतीपलीकडे राक्षस मरायला लागायचे.

राक्षस सिद्धूचे होते. घरमालकानं शेजारचा गाळा त्याला दिला होता. सिद्धूच्या घरात पूर्वी मेंढरं होती. आता त्याचा चुलता म्हस्कू आबा ऊस करायचा आणि सिद्धू धंदे करून बघायचा. कोंबड्या करून झाल्या, टेलिफोनचं बूथ होता होता राहिलं, आणि आता त्यानं पुण्याहून टीव्हीवरचा गेम आणला होता. त्याच्यासोबत कॅसेट एकच. तिच्यावरची अक्षरं जपानी की चिनी यावरून गाळ्यात दोन पक्ष होते, पण खेळ सगळ्यांना कळायचा. काळा झगा घातलेली, लाल केसांची एक बाई लांब तलवार घेऊन पडक्या किल्ल्यातून चालत जाते. वाटेत वटवाघळं येतात, हाडांचे सापळे येतात, शिंगं असलेले राक्षस येतात. ती सगळ्यांना कापते. एक मेला की त्याच्याहून मोठा येतो, आणि मरताना प्रत्येक जण असा काही ओरडतो की बाईंच्या फळीवरचे डबे थरथरायचे.

हा खेळ चार गावांत कळावा म्हणून सिद्धूनं पाटी करायला टाकली. आधी तिच्यावर तो 'म्हाळसा' असंच लिहिणार होता, कारण राक्षस मारणारी म्हटल्यावर त्याला दुसरं नावच सुचेना. म्हस्कू आबा भडकला. "देवीला डावावर लावतूस व्हय रं? हात झडतील तुजं." मग सिद्धूनं जोतीराम पेंटरला तोंडी मजकूर सांगितला, "आत राक्षस मारणारी बाई. एक डाव खेळून बघा."

जोतीराम पेंटर सज्जन माणूस होता. त्याची हयात ट्रॅक्टरच्या ट्रॉल्यांवर आणि निवडणुकीच्या भिंतींवर लोकांची नावं रंगवण्यात गेली होती, आणि कुणाला एकेरी लिहिलं तर पुढे काय होतं हे त्यानं अंगावर झेललं होतं. 'मारणारी बाई' त्याला बरं दिसेना. त्यानं आपल्या अकलेनं सुधारणा केली. मोठ्या लाल अक्षरांत 'राक्षस मारणाऱ्या बाई आत आहेत' असं लिहिलं, आणि तेवढ्यात फळी संपली. डावाचं राहून गेलं. उरलेल्या कोपऱ्यात त्यानं एक झोकदार बाण काढला. "बाईमानसाला एकेरी कसं लिवायचं, सिद्धू?" असं म्हणून तो इंदापूरला एका मंगल कार्यालयाच्या भिंती रंगवायला निघून गेला.

भिंतीला खिळा एकच होता, गाळा आणि बाईंची खोली यांच्या बरोबर मधे. सिद्धूनं पाटी तिथे टांगली. बाण उजवीकडे होता. उजवीकडे बाईंचं दार होतं. आणि शेळगावात नुसतं 'बाई' म्हटलं की एकच, शाळेतल्या.

मंगळवारी एकला पाच मिनिटं कमी असताना दार वाजलं. दारात लासुर्ण्याच्या साखरबाई उभ्या होत्या आणि त्यांच्या मागे नाकापर्यंत पदर ओढलेली त्यांची सून, दिपाली. बाईंना वाटलं, साक्षरतेच्या वर्गासाठी आल्या. प्रौढांच्या वर्गाला वीस बायका जमवायचा वरून हुकूम होता आणि बाईंच्या वहीत सहा होत्या. त्यांनी जांभई गिळून वही उघडली.

"बाई म्हंजी तुमीच न्हवं?" साखरबाईंनी विचारलं.

"मीच. हिच्यासाठी आलात का? नाव काय?"

"दिपाली. समदी म्हनली, आता बाईंकडंच न्या."

"चांगलं केलंत. याआधी कुठे होती?"

"म्हायेरी, सांगवीला. तितं झ्याक हुती. हितं नांदाय आली आन् लागलं."

"काय लागलं? वाचायचं वेड?" बाईंनी आशेनं विचारलं.

"येडच म्हनायचं. बोलत न्हाय, जेवत न्हाय. भाकरी थापाय बसली की तव्याकडंच बघत ऱ्हाती, भाकरीचा कोळसा हुईस्तवर."

"हरकत नाही. पाटी-पेन्सिल इथेच मिळेल. येताना काही आणायचं नाही."

"आनलंय की मी समदं," म्हणत साखरबाईंनी पिशवी उपडी केली. लिंबं, बिब्बे, नारळ, हळदीकुंकवाच्या पुड्या आणि एक काळी बाहुली साक्षरतेच्या वहीवर येऊन पडली.

बाई उठल्या, बाहेर जाऊन पाटी वाचून आल्या आणि पुन्हा खाली बसल्या. मग त्यांनी शिक्षिकेचं कर्तव्य म्हणून पाऊण तास समजावून सांगितलं, की भूत नसतं, लागीर नसतं, हा सगळा मनाचा खेळ. साखरबाईंनी प्रत्येक वाक्याला मान हलवली आणि शेवटी विचारलं, "मग कोंबडं लागंल का?" तेवढ्यात पलीकडे एक मोठा राक्षस मेला. साखरबाईंनी भिंतीला हात जोडले.

दिपाली या सगळ्यात कुठेच नव्हती. भिंतीला टेकून, बसल्या बसल्या, तोंड उघडं ठेवून ती गाढ झोपली होती. बाईंनी तिच्याकडे पाहिलं आणि त्यांना सरळ सरळ तिचा हेवा वाटला.

"किती वाजता उठते ही?"

"चारला. पानी भराय नगं का? मग धारा, भाकऱ्या, मग उसाच्या खुरपनीला. सांजच्याला परत धारा."

"आणि झोपते कधी?"

"समद्यांचं झाल्याव."

"हिला काही झालेलं नाही, साखरबाई. ही दमलीय. हिला दुपारी दोन तास झोपू द्या."

"किती दिस?"

"रोज."

"दिस सांगा, बाई. आकडा सांगितल्याबिगर गुन येत न्हाय."

"एकवीस."

"आन् ह्या लिंबाचं काय करू?"

"सरबत करून तिला द्या."

"बरं. आन् मधी कुनी उठिवलं तर?"

घड्याळात तीन वाजले होते. बाईंचं डोकं ठणकत होतं, सहनशक्ती आणि दुपार एकदमच संपली होती. "उठवलं," त्या म्हणाल्या, "तर जो उठवेल त्याला लागेल."

हे त्या वैतागून बोलल्या होत्या. साखरबाई मात्र ते वाक्य जपून लासुर्ण्याला घेऊन गेल्या, आणि आठ दिवसांत दिपाली बोलायला लागली, जेवायला लागली, एवढंच नाही तर एकदा सासूला उलटून बोलली. गुण आला याविषयी कुणाला शंकाच उरली नाही.

बाई पाटीचं सांगायला सिद्धूकडे गेल्या. "ही पाटी बदल बाबा. 'मारणाऱ्या' नको, 'मारणारी' कर."

"पेंटर इंदापुरात हाय, बाई. म्हैना तर लागंल. झाकून ठिवू का तवर?" म्हणून सिद्धूनं पाटीवर खताचं पोतं बांधलं. त्यानं जरा जास्तच बिघडलं. उघड्या पाटीकडे लोक नुसते बघायचे. झाकलेल्या पाटीला दुसऱ्या दिवशी कुणी तरी कुंकू लावलं, तिसऱ्या दिवशी खाली नारळ फुटला.

पोतं बांधून झाल्यावर सिद्धूनं अपराधी चेहऱ्यानं रिमोट पुढे केला. "बाई, एक डाव खेळा की. रोज नुसता आवाज ऐकताय." बाईंना नाही म्हणायचाही कंटाळा आला होता. त्या बाकावर बसल्या. पहिल्यांदा लाल केसांची बाई भिंतीला धडका देत राहिली, मग हळूहळू तलवार चालायला लागली. एक सापळा पडला, दुसरा पडला, शिंगवाला पडला. नऊ वर्षांत बाईंना इतकं बरं कधी वाटलं नव्हतं. प्रत्येक शिंगवाल्याला त्यांनी मनातल्या मनात एकेक नाव दिलं, ती नावं इथे सांगण्यात अर्थ नाही. दोन किल्ल्यांच्या मधे एक छोटी खोली होती. तिथे ती तलवारवाली काहीच न करता नुसती उभी राहायची आणि तिचा जीव आपोआप भरून यायचा. तिथे पोरं ओरडायची, "चला बाई, पुढं चला!" पण बाई बराच वेळ त्या खोलीतच थांबल्या.

नेमक्या त्याच वेळी साखरबाई आणखी चार बायका घेऊन आल्या. दाराला कडी बघून त्यांनी रस्त्यातूनच विचारलं, "बाई कुटं गेल्या रं?"

गाळ्यातून पोरांचा एका सुरात जबाब आला, "बाई राक्षस मारत्यात! अकरा झालं!"

मग रांग लागली. रोज एक ते तीन. एकीचं डोकं जड, एकीच्या डोळ्यांपुढे काजवे, एक विहिरीवर गेली की आपण कशाला आलो तेच विसरायची. बाई प्रत्येकीला विचारायच्या, किती वाजता उठता? आणि प्रत्येकीला तोच उपाय सांगायच्या. त्यांना कळून चुकलं होतं, की भूत नाही हे पाऊण तास सांगण्यापेक्षा झोपा हे एका मिनिटात सांगून होतं. भर उन्हाळ्यात शेळगावच्या आणि लासुर्ण्याच्या बायका दुपारी दोन तास शांत घोरत पडायला लागल्या. जाग्या होत्या त्या एकट्या मंदाकिनीबाई.

शाळा समितीचे अध्यक्ष आबासाहेब एका दुपारी स्वतः आले. टोपी हातात घेऊन उंबऱ्याबाहेरच उभे राहिले.

"बाई, आमची मंडळी झोपलीया."

"मग?"

"कारखान्यावरनं पाव्हनं आल्यात. च्या पायजे."

"उठवा की त्यांना."

"उठिवनाऱ्याला लागतं म्हनत्यात."

"तुमचा विश्वास आहे यावर?"

"छ्या! माजा कशाला आसंल?" आबासाहेब म्हणाले. मग जरा आवाज उतरवून, "पर लागलं तर मलाच लागंल की."

"मग चहा तुम्ही करा."

विहीर उपसायला सांगितल्यासारखे आबासाहेब त्यांच्याकडे बघत राहिले. चहा त्यांनीच केला. साखरेच्या डब्याशेजारी मिठाचा डबा असतो हे त्यांना घरात चाळीस वर्षं राहून माहीत नव्हतं, आणि पाहुण्यांना ते पहिल्या घोटातच कळलं. त्याच संध्याकाळी आबासाहेबांनी अर्ज केला.

"सदर शिक्षिका शासकीय सेवेत असून भुतेखेते उतरवितात. त्यांनी दोन गावच्या महिलांस झोप लावली आहे. त्यांनी भर दुपारी अकरा राक्षस मारल्याचे शाळेतील मुलांनी प्रत्यक्ष पाहिले आहे. तरी त्यांची गावातून तात्काळ बदली व्हावी ही नम्र विनंती."

शुक्रवारी कारकुनाचा निरोप आला. चौकशी लागली. सोमवारी विस्तार अधिकारी गलांडेसाहेब येतील. तक्रार खोटी ठरली तर जूनला बारामती. खरी ठरली तर ताकीद, आणि दोन वर्षं शेळगावातून हलायचं नाही. नऊ वर्षं एसटीच्या खिडकीशी बसून काढलेले दिवस एका पाटीपायी मातीत जाणार होते. शनिवारी बारामतीच्या गाडीत साहेबांना काय काय सांगायचं ते त्या ओठ हलवत घोकत होत्या. शेजारच्या माणसानं जागा बदलली.

घरी रघुनाथराव दारातच उभे होते, चेहऱ्यावर आनंद मावत नव्हता. "मंदा, कामवालीला सांगून टाकलं बघ, जूनपासून येऊ नकोस. आता तू आहेस म्हटल्यावर कशाला?"

"आणि औंदा पापड-कुरडया घरीच घालू," आतून सासूबाई म्हणाल्या. "विकतच्यांना चव नसते. गोधड्या काढून ठेवल्यात गं, उन्हं आहेत तोवर धुऊन टाक."

"दादाचा अनिमेष बारावीला आपल्याकडेच राहणार आहे," रघुनाथराव म्हणाले. "मीच म्हटलं पाठव, काकू येतेच आहे. त्याचा डबा सहाला लागेल. आणि नळाला पाणी पहाटे साडेचारला येतं हल्ली. आईला म्हटलं, जूनपर्यंत कळ काढू." मग जवळ येऊन, अगदी मनापासून, "नऊ वर्षं झाली गं. आता घराला घरपण येईल."

यात खोटं काही नव्हतं. रघुनाथरावांना बाई खरोखरच हव्या होत्या आणि बाईंनाही ते घर हवं होतं. रविवारी दुपारी एक ते तीन त्यांनी गोधड्या धुतल्या. तिसरी गोधडी दगडावर घेतली आणि त्या साबणाच्या फेसाकडे बघत बसल्या. सासूबाईंनी तीन हाका मारल्या तेव्हा त्यांच्या लक्षात आलं की बादली कधीची भरून वाहतेय. चौकशीचं त्या कुणाला बोलल्याच नाहीत.

सोमवारी गलांडेसाहेब आले. माणूस मोठा समंजस होता. त्यांनी पोतं वर करून पाटी वाचली, सिद्धूच्या गाळ्यात डोकावून एक डाव पाहिला, दुसरा खेळला, आणि हसत हसत बाईंच्या खोलीत येऊन बसले. मागोमाग आबासाहेबही आले.

"काय हो हे! सगळा एका 'ऱ्या'चा घोळ," साहेब म्हणाले. "आबासाहेब, अहो राक्षस टीव्हीतले. बाईंचा काय संबंध? बाई, तुम्ही दोन ओळी लिहून द्या. तक्रार गैरसमजातून झाली, मी असलं काही करत नाही. इथेच फाईल बंद करतो. एक तारखेला बारामती."

"आमचं काय म्हननं न्हाय, सायेब," आबासाहेब घाईनं म्हणाले. "बाईंची बदली झाल्याशी कारन."

साहेबांनी कागद पुढे सरकवला. एक वाजत आला होता. बाहेर भिंतीच्या सावलीत पाच-सहा जणी येऊन बसल्या होत्या. त्यात आज दिपाली एकटीच आली होती, सासूला न घेता, आणि कुणाशी तरी मोठ्यानं हसत होती. बाईंनी पेनाचं टोपण काढलं. बारामतीचं घर त्यांच्या डोळ्यांपुढे आलं, दारातला नवरा आला. मग साडेचारचा नळ आला, सहाचा डबा आला, आणि त्यांना इतकं थकल्यासारखं वाटलं की क्षणभर पेन उचलवेना. पण त्यांनी लिहिलं. सुवाच्य अक्षरात, फळ्यावर लिहितात तसं.

साहेबांनी कागद हातात घेतला आणि वाचता वाचता त्यांचं हसू मावळलं. "'तक्रारीतील मजकूर खरा आहे. मी महिलांना झोप लावते. यापुढेही लावीन.' बाई, अहो हे काय? हे मी पुढे पाठवलं तर दोन वर्षं इथून हलता यायचं नाही तुम्हाला!"

"सही खाली करायची की बाजूला?" बाईंनी विचारलं.

"म्हंजी?" आबासाहेब उठून उभे राहिले. "बदली न्हाय?"

"तुमचीच तक्रार खरी निघाली, आबासाहेब," गलांडेसाहेब म्हणाले. "आता बदली कशी होणार?"

आबासाहेब पुन्हा खाली बसले. आज कारखान्यावरून पुन्हा पाहुणे यायचे होते.

सगळे गेल्यावर बाईंनी दाराबाहेरच्या बायकांना सांगितलं, की आजपासून बाई दुपारी भेटणार नाहीत, संध्याकाळी पाचनंतर या. मग एक पोस्टकार्ड काढलं. रघुनाथरावांना कसं कळवावं याचा त्यांनी बराच वेळ विचार केला. लिहिताना त्यांना खरंच रडू आलं, आणि रडता रडता जांभई आली.

'एका चौकशीत अडकले आहे. बदली दोन वर्षं लांबली. तुमच्या मनाला लागेल, माझ्याही लागलं आहे. शनिवारी येतेच. तोवर एवढं करा, कामवालीला सोडू नका.'